थांबायचं कुणासाठी

दिवस मावळतीला आला की अक्का हातातलं काम टाकून उठायच्या. ओळ अर्धी लिहून झाली असेल तर अर्धी राहायची. फोनवर अमेरिका असली तर अमेरिका राहायची. "मी जेवायला निघाले. दिवस बुडाल्यावर मी खात न्हाई," एवढं त्या आपल्या सांगलीच्या बोलीत सांगायच्या आणि फोन ठेवायच्या. पलीकडच्याला काय कळलं याची चौकशी त्यांनी कधी केली नाही. मागाहून मी इंग्रजीत निरोप पाठवायचे. एकदा त्यांनी तो वाचला आणि त्यातला दिलगिरीचा शब्द खोडायला लावला.

"दिलगिरी कशाची? जेवायची?"

आमच्या धंद्यात गिऱ्हाईक समुद्रापलीकडं, त्यामुळं लोक रात्री कामाला बसतात आणि वर त्याचा अभिमान बाळगतात. अक्कांच्या ऑफिसला रात्र नव्हती. त्या जैन घरातल्या. सूर्यास्तानंतर न खाण्याचा नेम त्यांनी लहानपणापासून पाळलेला. पण खरं सांगायचं तर तो नेम धर्माचा कमी आणि हट्टाचा जास्त होता. देवळात त्या क्वचित जायच्या. जेवायला मात्र रोज, उजेडात.

ऑफिस सांगलीतल्या एका हळदीच्या गोडाऊनच्या वरच्या मजल्यावर होतं. खाली त्यांच्या धाकट्या भावाचा व्यापार. सगळा बाजार त्या भावाला अण्णा म्हणायचा, म्हणून बहीणही अण्णाच म्हणायची. जिना चढताना नाकात हळद जायची आणि संध्याकाळी घरी गेल्यावर रुमाल पिवळा निघायचा. अक्का सुती साडी नेसायच्या आणि खाली पांढरे कॅनव्हासचे बूट घालायच्या, परेडला घालतात तसले. लग्न केलेलं नव्हतं. का नाही, हे विचारायची कुणाची छाती नव्हती. पुण्यात मोठमोठ्या मशीनवर बरीच वर्षं काढून त्या परत आल्या होत्या. परत का आलात, हे मी एकदा विचारलं.

"तिथं मिटिंगा दिवस बुडाल्यावर असायच्या," त्या म्हणाल्या. बहुतेक खरंच तेवढंच कारण असावं.

काम काय होतं ते सांगते. जुने प्रोग्रॅम असतात, फार पूर्वी कुणीतरी फोर्ट्रान नावाच्या भाषेत लिहिलेले, अजून चालणारे. ते एका वेळी एकच गोष्ट करतात. आताच्या मशीनला काम करणारे हात पुष्कळ असतात, त्यांना कोअर म्हणतात. पण जुना प्रोग्रॅम त्यातल्या एकाच हाताला राबवतो आणि बाकीचे बसून असतात. आम्ही ते काम सगळ्या हातांना वाटून द्यायचो. वाटणं सोपं असतं. वाटल्यावर एकाचा हात दुसऱ्याच्या ताटात जाणार नाही हे बघणं, हा खरा धंदा.

मी साताऱ्याची, लग्न होऊन सांगलीत आलेली. मुलं शाळेत जायला लागल्यावर काम शोधत अक्कांकडं गेले. त्यांनी माझी पदवी विचारली नाही.

"एक बाई सगळा स्वैपाक करती," त्या म्हणाल्या. "दुसरी बाई मदतीला आली. स्वैपाक निम्म्या वेळात हुईल का?"

मी म्हटलं, "कुकर एकच असेल तर नाही होणार. आणि ती दुसरी बाई माझी जाऊ असेल तर दुप्पट वेळ लागेल."

त्या खो खो हसल्या. "सातारकर, उद्यापास्नं ये." तेव्हापासून मी सातारकर. माझं नाव त्यांना माहीत होतं, पण त्यांनी ते वापरलं नाही.

नोकरीला येणारी मुलं कागदावर आपल्याला येणाऱ्या कॉम्प्युटरच्या भाषा लिहून आणायची. अक्का कागद बघायच्या आणि म्हणायच्या, "भाषा लय येत्यात तुला. बोलायचं काय हाय?" मुलं गोंधळायची. पण त्या नव्या भाषांच्या विरोधात होत्या असं कुणी समजू नये. केस पांढरे झाल्यावर त्या रस्ट शिकल्या. त्या भाषेचा कंपायलर, म्हणजे आपण लिहिलेलं तपासून मशीनला समजेल असं करून देणारा प्रोग्रॅम, फार खडूस असतो. एकच वस्तू बदलायला दोघांच्या हातात द्यायला गेलात की तो साफ नकार देतो. पुन्हा लिहा, पुन्हा नकार. बाकीचे वैतागायचे, अक्का खूश. "ही भाषा माझ्यासारखी हाय," म्हणायच्या. "पयल्यांदा न्हाईच म्हणती." पण आमच्याकडं येणारं काम जुन्या फोर्ट्रानमधलं आणि सीमधलं, आणि त्या भाषा कशालाच नाही म्हणत नाहीत. तिथं नाही म्हणायला माणूस लागतो.

ऑफिसात दाजी होते. हे कोरेगावकडचे, सैन्यात सिग्नलमध्ये नोकरी करून निवृत्त झालेले, कॉम्प्युटर तिथंच शिकलेले. अक्कांचे कॅनव्हासचे बूट त्यांनीच मिलिटरी कॅन्टीनमधून आणून दिलेले. आणि वडूजकर होता, इंजिनिअर, वडूजचा, दाजींच्या बायकोचा धाकटा भाऊ. तो त्यांना दाजी म्हणायचा म्हणून सगळं ऑफिस दाजी म्हणायला लागलं. वडूजकर बहिणीच्या नवऱ्याचा मान राखणारा होता. दाजींनी डबा उघडल्याशिवाय तो आपला उघडत नसे. दाजी खुर्चीतून उठले की हा उठायचा.

ऑफिसला संडास एकच, मागच्या बाजूला. किल्ली खिळ्याला, आणि पाणी नेण्यासाठी बादली एकच, नळाखाली. एकदा दाजी किल्ली घेऊन बादलीची वाट बघत उभे राहिले. त्याच वेळी वडूजकर बादली भरून किल्लीची वाट बघत उभा. दाजींना किल्ली सोडायची नव्हती. वडूजकरला दाजींकडं किल्ली मागायची नव्हती. दोघंही शांतपणे उभे. अक्कांनी ते बघितलं आणि आम्हा सगळ्यांना टाळी वाजवून बोलावलं.

"बघून घ्या. याला डेडलॉक म्हणत्यात. दोघांकडं एकेक गोष्ट हाय, दोघांना दुसरी पायजे, आणि कोण सोडत न्हाई. ही दोघं उद्या सकाळपतोर अशीच उभी ऱ्हातील."

"आवं अक्का, मला घाई हाय," दाजी म्हणाले.

"घाई हाय म्हणूनच हुतं हे." आणि त्यांनी भिंतीवर खडूनं नियम लिहिला: आधी किल्ली, मग बादली. किल्ली नसलेल्यानं बादलीला हात लावायचा नाही. प्रोग्रॅममध्येही हाच नियम असतो, आणि तो मी त्या संडासाच्या दारात शिकले. आता मी साताऱ्यात माझं स्वतःचं छोटं ऑफिस चालवते. तिथं फ्लश आहे, तरी भिंतीवर ते वाक्य आहे. नव्या मुली विचारतात. मी सांगते.

दुसरा त्यांचा नियम थांबण्याबद्दल होता. वाटून दिलेल्या कामात कधीकधी एकाला दुसऱ्यासाठी थांबावं लागतं. आळशी माणूस अशा जागी 'थोडा वेळ थांब' अशी ओळ घालून मोकळा होतो. अक्कांना ती ओळ दिसली की त्या खवळायच्या.

"थांबायचं कुणासाठी ते सांगा. किती वेळ ते सांगू नका. आमच्या वयनीनं लग्नाला जाताना ड्रायव्हरला सांगितलं, मी आलेच, धा मिनिटं थांब. तो थांबला. धा मिनिटं झाली, निघाला. वयनी मिरजेतच. 'मी येईपतोर थांब' म्हणाली असती तर अक्षता पडल्या असत्या तिच्या हातनं." वहिनी म्हणजे कोण, हे कुणाला माहीत नव्हतं. अण्णांची बायको तर लग्नाला वेळेआधी पोचणारी. पण गोष्ट डोक्यात बसायची.

तिसरी पद्धत तपासण्याची. आमच्याकडं शेतात पैरा असतो: आज तुझी बैलं माझ्या रानात, उद्या माझी तुझ्या रानात. अक्कांनी तोच आणला. आज मी तुझ्या ओळी तपासायच्या, उद्या तू माझ्या. कुणी साहेब नाही, कुणी वरचा नाही. या पद्धतीचा त्यांना फार अभिमान होता. आलेल्यागेलेल्याला त्या ती सांगायच्या.

अशात पुण्याच्या एका कंपनीचं काम आलं. त्यांच्याकडं नदीच्या पाण्याचा नकाशा काढणारा प्रोग्रॅम होता. वरच्या धरणातून इतकं पाणी सुटलं आणि खाली इतका पाऊस असला तर पाणी कुठल्या गल्लीपर्यंत येईल हे तो सांगायचा. पण सांगायला दिवस घालवायचा, आणि तोवर पाणी गल्लीत येऊन बसलेलं. त्याचा वेग आम्ही वाढवायचा होता.

हे काम आलं तेव्हा अण्णा जिना चढून वर आले. हरिपुराकडची हळदीची पेवं, म्हणजे जमिनीतली कोठारं, पुराच्या पाण्यानं निकामी झाल्यापासून अण्णांचा जमिनीलगतच्या कुठल्याच जागेवर भरवसा नव्हता. गोडाऊनच्या भिंतीवर पाण्याची रेघ होतीच. त्यांना वरचा मजला पोत्यांसाठी हवा होता. बहिणीला ऊठ म्हणायचा धीर होत नव्हता, एवढंच.

"अक्का, हे पुण्याचं काम टिकलं तर वरचा मजला तुझा," ते म्हणाले. "न्हाई टिकलं तर पावसाच्या आत पोती वर येत्यात. मग मला बोलायचं न्हाई."

"बोलणार न्हाई," अक्का म्हणाल्या.

काम आम्ही मन लावून केलं. नदीचे तुकडे पाडले, एकेक तुकडा एकेका हाताला दिला. आमच्या मशीनवर नकाशा दर वेळी बरोबर यायचा, तोही चहा पिऊन होईपर्यंत. आम्ही तो चाचणीसाठी पुण्याला पाठवला. त्यांचं मशीन आमच्यापेक्षा कितीतरी मोठं. काही दिवसांनी तिथल्या साहेबांचा फोन आला.

"मॅडम, काम छान झालंय. फक्त अधूनमधून नकाशा वेगळा येतो."

"वेगळा म्हणजे?"

"म्हणजे संगमावर पाणी कमी दाखवतो. क्वचित होतं. बहुतेक वेळा बरोबरच येतं."

अक्कांनी फोन ठेवला. 'बहुतेक वेळा' हा शब्द त्यांनी दोनदा उच्चारला, कडू काहीतरी तोंडात आल्यासारखा. कृष्णेला वारणा मिळते त्या संगमावर वारणेचं पाणी कमी धरलं की कृष्णेला मागं तुंब बसत नाही, आणि मग आमच्या गोडाऊनची गल्लीच नकाशात कोरडी दिसायची. अण्णांना हे कळलं तेव्हा ते म्हणाले, "कोरडी दाखवतोय? मग बरंच हाय की!"

"अण्णा, नकाशात कोरडी ऱ्हाऊन पोती वाचत न्हाईत."

आम्ही मशीनमध्ये शोधायला लागलो. असल्या चुका शोधायला गेलं की पळतात. तपासणीच्या ओळी घातल्या की प्रोग्रॅमची चाल बदलते आणि चूक गायब. ओळी काढल्या की परत हजर. शेवटी अक्का उठल्या. "चला खाली. मशीन ऱ्हाऊ दे. आपणच नदी व्हायचं."

गोडाऊनपुढच्या अंगणात त्यांनी फळा ठेवला. फळा म्हणजे संगम. त्यावर दहा आकडा लिहिला, म्हणजे आधीचं पाणी. दाजी कृष्णा, त्यांनी पाच घालायचे. वडूजकर वारणा, त्यानं तीन. ज्यानं जी ओळ लिहिली होती ती त्यानं चालून दाखवायची: फळ्यावरचा आकडा वाचायचा, मागं आपल्या जागेवर जायचं, बेरीज करायची, परत येऊन फळ्यावर लिहायची. मी फळ्यापाशी. हमाल पोती खाली ठेवून बघायला लागले.

"अठरा आलं पायजे," अक्का म्हणाल्या. "चला."

दाजी आले, दहा वाचलं, परेडच्या चालीनं मागं गेले, आले, पंधरा लिहिलं. वडूजकर आपल्या जागेवर उभाच होता, आभाळाकडं बघत. दाजींचं झाल्यावर तो आला, पंधरा वाचलं, गेला, आला, अठरा लिहिलं. बरोबर.

"तू का थांबलास?" अक्कांनी विचारलं.

"तशी ओळ हाय, अक्का."

"काय ओळ हाय?"

"थोडा वेळ थांब."

ती ओळ आमच्या ऑफिसात कुणी लिहील असं कुणाला वाटलं नव्हतं, म्हणून तपासताना ती कुणी शोधलीही नव्हती.

"कुणासाठी?" अक्कांनी विचारलं.

वडूजकर हळूच म्हणाला, "दाजींसाठी."

दाजी पुढं आले. "माझ्यासाठी? का रं?"

"दाजी, तुमच्या भागात संगमावर दुसरं कोण येईल असं धरलेलंच न्हाई. पैऱ्यात तुमचं काम मी तपासलं, तवा दिसलं मला."

"मग बोलला का न्हाईस?"

"तुमाला कसं म्हणू, दाजी? चुकलं म्हणून?" तो फळ्याकडं वळला. "मी म्हटलं, आपण आपल्या भागात थांबू. तुमचं झाल्यावर जाऊ. कुणाला कळणार न्हाई."

अक्का दाजींकडं वळल्या. "दाजी, आता तुमी जरा दमानं चला. मोठ्या मशीनमध्ये एखाद्या हाताला उशीर हुतो. आणि तू, तू तुझ्या ओळीपरमाणं थोडा वेळच थांब."

दाजींनी दहा वाचलं आणि सावकाश मागं निघाले. ते अर्ध्या वाटेवर असतानाच वडूजकरचा थोडा वेळ संपला. तो आला. फळ्यावर अजून दहाच. त्यानं दहा वाचलं, गेला, येऊन तेरा लिहिलं. मागून दाजी आले आणि त्यांनी तेरा पुसून पंधरा लिहिलं.

"वारणा गेली कुठं?" अक्कांनी विचारलं.

एक हमाल म्हणाला, "दाजींनी पुसली."

दाजींनी खडू खाली ठेवला. चिडतील असं मला वाटलं होतं. ते वडूजकरच्या पाठीवर थाप मारून एवढंच म्हणाले, "गड्या, मला शिवी दिली असतीस तर बरं झालं असतं."

अक्का कट्ट्यावर बसल्या. "पैऱ्याला आलेल्या माणसाला कोण म्हणतं का, तुझ्या नांगराचं तास वाकडं गेलं म्हणून?"

"न्हाई म्हणत," दाजी म्हणाले.

"का?"

"उद्या त्याच्या रानात आपल्याला जायचं असतं."

"मग ही पद्धत मी आणली तवा मला हे कळाय नको हुतं?" त्या स्वतःवरच तडकल्या होत्या. "आपल्यात हरेक माणूस कुणाचा तरी कोण हाय. ही एक भीड सापडली. बाकीच्या किती हाईत?"

ती चूक दुरुस्त करायला वेळ लागला नाही. खडू एकच ठेवायचा: खडू हातात असेल त्यानंच वाचायचं, बेरजेनंतर लिहायचं आणि मगच खडू सोडायचा. दुसऱ्यानं खडू सुटेपर्यंत थांबायचं. पण अक्का प्रोग्रॅम द्यायला तयार होईनात. सगळ्या ओळी पुन्हा तपासायच्या, बिनभिडेनं, मगच द्यायचा.

तिकडं पुण्याच्या साहेबांनी पाटबंधारे खात्याच्या अधिकाऱ्यांना प्रात्यक्षिकाची तारीख देऊन ठेवली होती. ते गाडी काढून सांगलीत आले. तरुण, नीटनेटके, गुळगुळीत बोलणारे.

"मॅडम, चूक सापडली, सुधारली. मग अडचण काय?"

"आणखी असतील."

"अहो, असल्या तर असू द्या. आपण असं करू, तीनदा चालवू. दोनदा जे उत्तर येईल ते खरं धरू."

"नदी मतदान करत न्हाई," अक्का म्हणाल्या.

साहेब हसले, मग त्यांच्या लक्षात आलं की समोरून कुणी हसत नाही. "मॅडम, स्पष्ट सांगतो. तारीख चुकली तर काम तुमच्याकडून जाईल."

"जाऊ दे की. त्याला काय रस्ता म्हाईत न्हाई?"

साहेब गेल्यावर मी बोलले. मी व्यवहारी बाई आहे, आणि वरचा मजला कशावर टांगलेला आहे हे मला माहीत होतं. "अक्का, सापडलेली चूक सुधारलीय. देऊन टाकू. बाकीचं मागाहून तपासून पाठवू."

"तुझी पोरं कुठल्या गल्लीत ऱ्हात्यात?"

मी गल्ली सांगितली.

"ती नकाशात हाय," त्या म्हणाल्या, आणि बूट घालून जेवायला गेल्या. मी पुन्हा तो विषय काढला नाही.

काम गेलं. पुण्याच्या कंपनीनं ते दुसऱ्या कुणाला दिलं. अण्णा दोन दिवस तोंड लपवून होते, मग हमालांना घेऊन वर आले. अक्का टेबलावरच बसलेल्या.

"अक्का, बोललीवतीस तू, बोलणार न्हाई म्हणून."

"मी कुठं बोलते? आणा की पोती. जागा हाय तेवढी ठेवा."

"आणि तुमी?"

"आमी हितंच. पोती वर आणायचं ठरलंवतं. आमी खाली जायचं कुठं ठरलंवतं?"

"आगं, पोत्यांत कसलं ऑफिस? लोक काय म्हणतील?"

"हळदीचं ऑफिस म्हणतील."

अण्णांनी डोक्यावरची टोपी काढली, परत घातली आणि हमालांना मान हलवून खूण केली. पोती आत आली. आम्ही बाहेर गेलो नाही. छतापर्यंत थप्प्या लागल्या आणि मधल्या बोळांत आमची टेबलं. मशीनच्या पंख्यांना अक्कांनी जुन्या साडीचे तुकडे बांधले, आणि रोज सकाळी पहिलं काम ते झटकायचं. आम्हाला एकमेकांची तोंडं दिसायची बंद झाली. आवाज तेवढे यायचे.

काम गेलं तरी अक्कांनी नदीच्या प्रोग्रॅमची तपासणी सोडली नाही, आणि तिच्यासाठी नवा नियम काढला. तपासणीच्या वेळी नातं, नाव, मान काही नाही. फक्त नंबर. त्या एक नंबर, मी दोन, दाजी तीन, वडूजकर चार. पहिल्या दिवशी वडूजकरनं सवयीनं सुरुवात केली.

"दाजी, तुमची ही…"

"कोण दाजी?" पोत्यांपलीकडून अक्का.

"तीन नंबर… आवं, ही ओळ…"

"आवं न्हाई!"

"तीन नंबर," वडूजकर एकदम ओरडला, "ही ओळ चुकलीय!"

पलीकडून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. दाजी उभे राहिले असावेत. "दाखवा, चार नंबर," ते म्हणाले. दुपारी डबा खाताना ते परत दाजी झाले आणि वडूजकरनं त्यांच्या आधी डबा उघडला नाही.

चुका निघाल्या. अक्का म्हणाल्या तशा निघाल्या, दाजींच्या, वडूजकरच्या, माझ्याही. मग एक नंबरच्या ओळी माझ्याकडं आल्या. अक्कांच्या ओळी आजवर कुणी नीट तपासल्याच नव्हत्या. बघायच्या, मान डोलवायची, पुढं. मी या खेपेला बोट ठेवून वाचल्या. एका जागी त्यांनी शेजारच्या दोन तुकड्यांमधली हद्द दोघांनाही देऊन ठेवली होती. हद्दीवरचं पाणी दोनदा मोजलं जात होतं, नकाशात डोळ्याला दिसणार नाही इतकं थोडं. मी तीनदा खात्री केली, कारण चूक माझी निघाली असती तर त्यांनी मला जन्मभर ऐकवलं असतं.

"एक नंबर," मी म्हटलं, "तुमची ओळ चुकलीय."

दाजींचा कीबोर्ड थांबला. वडूजकरचाही.

अक्का बोळातून आल्या. माझ्या खांद्यावरून वाकून त्यांनी ती ओळ वाचली, मग वरची वाचली, मग खालची. हळदीचा आणि सुती साडीचा वास आला.

"कवापास्नं हाय ही?"

"पहिल्यापासून."

"आणि कुणी सांगितलं न्हाई."

"नाही."

"व्हय, चुकलीय," त्या म्हणाल्या. "पुढं वाच." आणि बोळातून परत जाताना मोठ्यानं म्हणाल्या, "बघा, बाजारभर सांगत फिरायची मी, आमच्यात कोण वरचा न्हाई म्हणून!" त्या दिवशी त्यांनी मला घरी जाताना हळदीची पुडी दिली. बक्षीस नव्हतं. पोतं फुटलं होतं.

प्रोग्रॅम पूर्ण झाला तेव्हा तो मागायला कुणीच नव्हतं. आम्ही दुसरी किरकोळ कामं करत होतो आणि तो मशीनमध्ये पडून होता. अक्का रोज सकाळी तो एकदा चालवायच्या, हात कमी करून, जास्त करून, मुद्दाम एखाद्याला उशीर लावून. नकाशा तोच यायचा. त्या तो कुणाला दाखवत नव्हत्या. बघायच्या आणि बंद करायच्या.

पुढच्या वर्षी एका संध्याकाळी जिन्यावर बूट वाजले. पुण्याचे साहेब. पोत्यांमधून वाट काढत, खिशातला रुमाल नाकाला लावून आले. नमस्कार केला. दुसऱ्या लोकांचा प्रोग्रॅम झपाट्यानं चालतो, पण दर वेळी वेगळं सांगतो, आणि आता अधिकारी कागद परत पाठवायला लागलेत, असं त्यांनी बरेच वळसे घालून सांगितलं. मग विचारलं, "मॅडम, तुमचा आता तरी नक्की बरोबर येतो?"

अक्का डबा हातात घेऊन उठलेल्याच होत्या. खिडकीत ऊन तांबडं झालं होतं.

"मला इचारू नका. माझी पण चूक निघाली हुती. त्यांना इचारा," त्यांनी बोळाकडं हात केला.

वडूजकर पुढं आला. त्यानं साहेबांकडं बघितलं, मग पोत्याला टेकून उभ्या असलेल्या दाजींकडं.

"तीन नंबरचं काम मी तपासलंय," तो म्हणाला. "आधी चुकलंवतं. मीच सांगितलं. आता बरोबर हाय."

दाजींनी मान हलवली, सलाम स्वीकारावा तशी.

"मग आपण लगेच बोलूया का, मॅडम?" साहेब म्हणाले. "मला परत पुण्याला जायचंय. किती वेळ थांबावं लागेल?"

अक्का जिन्यापाशी पोचल्या होत्या. तिथून वळल्या.

"किती वेळ ते इचारू नका," त्या म्हणाल्या. "माझं जेवण हुईपतोर."

साहेबांनी खुर्ची शोधली. खुर्ची मोकळी नव्हती, आणि आमच्यापैकी कुणी उठलं नाही. ते पोत्यावर बसले. अक्का जेवून आल्या तेव्हा त्यांची पँट मागून पिवळीधमक झाली होती, पण ते थांबले होते.